आजोळ, बालगृह आणि तिसरे घर

आई-वडिलांच्या घरी ज्याला वाढता येत नाही अशा मुलाचे काय करायचे, या प्रश्नाला बारामती आणि इंदापूर या तालुक्यांत पिढ्यान्‌पिढ्या दोन उत्तरे चालत आली आहेत : पहिले आजोळ आणि दुसरे वसतिगृह. वडील वारले, आई दुखण्याने अंथरुणाला खिळली, दोघांची फारकत झाली किंवा आईचे दुसरे लग्न लागले, की मुलाची रवानगी आजी-मामाकडे होते, आणि तिकडच्यांचेही हातावर पोट असेल तर गावातला एखादा शिक्षक किंवा पुढारी ओळख काढून त्याचे नाव बोर्डिंगात किंवा बालगृहात घालून देतो. या दोन्ही वाटांनी पुष्कळ मुले शिकून मोठी झाली, तेव्हा त्यांना कमी लेखण्याचे काहीच कारण नाही. कायद्याने मात्र तिसरीही एक वाट आखून दिलेली आहे, तिला सरकारी मराठीत प्रतिपालकत्व म्हणतात आणि त्या वाटेला या भागात क्वचितच कुणी जाते. मुलाच्या मनावर, शिक्षणावर आणि पुढच्या आयुष्यावर या तिन्ही व्यवस्थांचा काय परिणाम होतो, याविषयी गेल्या सत्तर वर्षांत जगभर बरेच संशोधन झाले असून त्याचे निष्कर्ष ऊसपट्ट्यातल्या कुटुंबांनाही लागू पडतात. फक्त ते इथल्या माणसांचे जगणे लक्षात घेऊन लावावे लागतात.

प्रतिपालकत्व म्हणजे काय, हे बाल न्याय (मुलांची काळजी व संरक्षण) अधिनियम, २०१५ याच्या कलम ४४ मध्ये सांगितले आहे. ज्या मुलाला स्वतःच्या घरी ठेवणे शक्य किंवा सुरक्षित नाही, त्याला तपासून निवडलेल्या दुसऱ्या कुटुंबात काही काळासाठी किंवा दीर्घ काळासाठी ठेवायचे, त्या कुटुंबाला खर्चासाठी सरकारने दरमहा रक्कम द्यायची आणि मुलाची खुशाली नियमित पाहायची, अशी ही व्यवस्था आहे. मूल कोणाकडे जाईल हे बाल कल्याण समिती ठरवते. एक अध्यक्ष आणि चार सदस्य असलेली ही जिल्हा पातळीवरची समिती दंडाधिकाऱ्याचे अधिकार वापरते. दत्तकविधानात मुलाचे जन्मघराशी असलेले कायदेशीर नाते संपते आणि नवे कुटुंब हेच त्याचे कुटुंब होते. प्रतिपालकत्वात मात्र मुलाचे नाव, आडनाव आणि वडिलोपार्जित मालमत्तेतला हक्क तसाच राहतो, आई-वडील हयात असतील तर त्यांना मुलाला भेटता येते, आणि घरची परिस्थिती सुधारली तर मूल परत जावे हीच अपेक्षा असते. भावंडांची ताटातूट होऊ नये यासाठी शक्य तेवढे प्रयत्न करावेत, असेही हे कलम बजावते. तान्ह्या अनाथ बाळांना दत्तक घेण्यासाठी पालकांची रांग असते, परंतु सहा वर्षांवरील मुलांना ते भाग्य सहसा लाभत नाही, म्हणून केंद्राच्या मार्गदर्शक सूचनांमध्ये प्रतिपालकत्वाचा विचार मुख्यतः याच वयाच्या मुलांसाठी केला आहे. २०२४ मध्ये या सूचना सुधारल्या गेल्या आणि पस्तिशी ओलांडलेल्या एकट्या व्यक्तीलाही मूल सांभाळण्याची वाट खुली झाली. शिवाय सांभाळलेले मूल पुढे दत्तक घ्यायचे असल्यास पूर्वी पाच वर्षे थांबावे लागे, तो काळ दोन वर्षांवर आला.

एवढी तरतूद असूनही परक्याचे मूल सरकारी देखरेखीखाली आपल्या घरात वाढवण्याची रीत इथे रुजली नाही, याचे एक कारण या प्रदेशाच्या स्वतःच्या इतिहासात सापडते. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले आणि तिथे जन्मलेल्या यशवंतला १८७४ मध्ये दत्तक घेतले; पुढच्याच वर्षी इंदापूरच्या शेजारच्या सोलापूर जिल्ह्यात, पंढरपूर येथे, विधवांच्या टाकून दिल्या जाणाऱ्या बाळांसाठी प्रार्थना समाजाच्या मंडळींनी बालकाश्रम उभा केला. मुलाला जिवंत ठेवणे हेच त्या काळी पहिले काम होते आणि ते संस्थेवाचून होण्यासारखे नव्हते. पुढे कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि साताऱ्याच्या वसतिगृहात सर्व जातिधर्मांची मुले एका पंगतीला बसवली. त्या मुलांच्या जेवणासाठी त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी अंगावरचे दागिने मोडले, ही हकीकत पश्चिम महाराष्ट्रातल्या घराघरांत सांगितली जाते. बोर्डिंगाविषयीचा आदर इथून आला आणि तो योग्यच आहे. मात्र कर्मवीरांच्या वसतिगृहातला मुलगा शिकण्याच्या वयाचा होता, त्याचे आई-बाप गावी होते आणि दिवाळीला तो घरी जात होता, तर आजच्या बालगृहात कधी कधी पाच-सहा वर्षांचे मूल येते, जिथे सुट्टीत परत जावे असे घरच त्याला नसते. या दोन गोष्टी एकाच मापाने मोजल्या गेल्या आणि त्यातून संस्थेत मुलाची सोय झाली की आपले कर्तव्य संपले, अशी समजूत पक्की झाली.

संस्थेत वाढणाऱ्या लहान मुलाचे नेमके काय हरवते, याचा पहिला मोठा अहवाल इंग्रज मनोविकारतज्ज्ञ जॉन बोल्बी यांनी जागतिक आरोग्य संघटनेसाठी १९५१ मध्ये लिहिला. पोटभर अन्न, स्वच्छ कपडे आणि औषधपाणी मिळूनही, एका ठरावीक माणसाशी जिव्हाळ्याचा बंध न जुळलेली मुले वाढीत आणि वागण्यात मागे पडतात, असे त्यांचे म्हणणे होते. आईविना मूल घडूच शकत नाही असा त्याचा ताणलेला अर्थ त्या काळी काढला गेला आणि त्यावर टीकाही झाली. एकत्र कुटुंबात आजी, काकू आणि थोरली बहीण मिळून मूल वाढवतात, हे मराठी वाचकाला वेगळे सांगायला नको. मुलाला सांभाळणारे हात किती आहेत याने फारसे बिघडत नाही. ते हात वर्षानुवर्षे तेच राहणे महत्त्वाचे असते आणि पाळीप्रमाणे बदलणाऱ्या कर्मचाऱ्यांच्या संस्थेत नेमके तेवढे जमत नाही.

बोल्बींचे म्हणणे काटेकोर प्रयोगाने तपासले गेले ते रुमानियात. हुकूमशहा चाउशेस्कू याच्या राजवटीत संततिनियमनावर बंदी होती, गरिबीत जन्मलेली मुले लोक सरकारी अनाथालयांत सोडून देत, आणि १९८९ मध्ये ती राजवट कोसळली तेव्हा अशा संस्थांत लाखाहून अधिक मुले असल्याचे जगाला कळले. चार्ल्स नेल्सन, नेथन फॉक्स आणि चार्ल्स झीना या अमेरिकी शास्त्रज्ञांनी राजधानी बुखारेस्टमधल्या सहा संस्थांतील १३६ मुले निवडली. ती सहा ते एकतीस महिन्यांची होती. त्यांपैकी निम्म्यांना चिठ्ठ्या टाकल्यासारखे निवडून, खास तयार केलेल्या प्रतिपालक कुटुंबांत पाठवले, बाकीची त्या वेळच्या रीतीप्रमाणे संस्थेच्या देखरेखीत राहिली आणि पुढे सर्वांची वाढ वर्षानुवर्षे तपासली गेली. साडेतीन वर्षांच्या वयात कुटुंबात गेलेल्या मुलांचा सरासरी बुद्ध्यंक ८५ च्या आसपास भरला आणि संस्थेतल्या मुलांचा ७७ च्या आसपास. जन्मापासून स्वतःच्या घरी वाढलेली मुले या दोन्ही गटांच्या पुष्कळ पुढे होती. वयाची दोन वर्षे पूर्ण होण्याआधी ज्यांना घर मिळाले त्यांची भरपाई अधिक झाली, उशिरा गेलेल्यांची कमी, आणि मोठेपणी चंचलतेसारख्या काही अडचणी घर मिळूनही पुरत्या गेल्या नाहीत. मेंदूच्या विद्युत-लहरींच्या नोंदींतही हाच फरक दिसला. बारामतीच्या संदर्भात या प्रयोगाचा उपयोग एवढाच की, काही दिवसांत घरची व्यवस्था लावू म्हणून लहान मूल संस्थेत ठेवले आणि त्या काही दिवसांची दोन-तीन वर्षे झाली, तर गेलेला तो काळ पुढे चांगले घर मिळाले तरी पूर्ण भरून निघत नाही.

यावरून कोणतेही मूल संकटात दिसले की उचलून दुसऱ्या घरी न्यावे, असा निष्कर्ष काढणे मात्र धोक्याचे ठरेल. अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यात अर्थशास्त्रज्ञ जोसेफ डॉयल यांनी २००७ मध्ये प्रसिद्ध केलेला अभ्यास या बाबतीत डोळे उघडणारा आहे. मुलाची आबाळ होते अशी तक्रार आली की तिथे चौकशी अधिकारी पाठवतात, आणि कोणते प्रकरण कोणाकडे जाईल हे बहुधा पाळीने ठरते. काही अधिकारी कडक असतात, थोडक्यासाठीही मूल घराबाहेर काढतात, काही सौम्य असतात. त्यामुळे सारख्याच परिस्थितीतली दोन मुले निव्वळ योगायोगाने वेगवेगळ्या वाटांना लागतात आणि त्यांची तुलना करता येते. अगदी कडेला असलेल्या, म्हणजे एका अधिकाऱ्याने घरी ठेवले असते आणि दुसऱ्याने हलवले असते अशा मुलांत, घरीच राहिलेल्यांचे पुढे बरे चालले होते. हलवलेल्यांत कोवळ्या वयातले मातृत्व आणि गुन्ह्यांकडे वळणे अधिक आढळले आणि कमाई कमी. मिशिगन राज्यात याच पद्धतीने मॅक्स ग्रॉस आणि जेसन बॅरन यांनी केलेल्या अभ्यासाचा निष्कर्ष, जो २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला, नेमका उलटा होता : तिथे प्रतिपालक घरी गेलेल्या मुलांची शाळेतली हजेरी आणि गणितातले गुण सुधारले व त्यांचा छळ कमी झाला. हे दोन निष्कर्ष एकमेकांना खोडून काढतात असे वरवर वाटते, परंतु मिशिगनमध्ये बहुतेक मुले थोड्या काळाने आपल्या घरी परतली होती, सुधारणा प्रामुख्याने परतल्यानंतर दिसू लागली, आणि मधल्या काळात आई-वडिलांना व्यसनमुक्ती, उपचार व समुपदेशन मिळाल्याने घर बदलले, हा त्यातला अधिक संभाव्य धागा संशोधकांनी दाखवला आहे. मूल दुसरीकडे असताना त्याच्या आई-बापावर काय काम झाले, यावर त्या मुलाचे पुढचे आयुष्य बरेचसे ठरते. आपल्याकडे या कामाला कोणाचेच नाव लागलेले नाही. दारूपायी घर मोडलेल्या बापाची मुले बालगृहात जातात आणि त्याच्या दारूकडे मात्र कुणी बघत नाही.

आजोळाच्या बाजूने संशोधनाचा कौल बऱ्यापैकी स्पष्ट आहे. नातेवाइकांकडे ठेवलेली आणि परक्या कुटुंबांत ठेवलेली मुले यांची तुलना करणाऱ्या अनेक अभ्यासांचा एकत्रित आढावा मार्क विनोकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतला. त्यात नातेवाइकांकडची मुले वागण्यात, मानसिक स्वास्थ्यात आणि एकाच घरी टिकून राहण्यात सरस ठरली. यामागचे कारण समजायला अवघड नाही. ऊस तोडला तरी बुडखा जागेवर असला की खोडवा फुटतो. तसेच आई-वडिलांचे छत्र गेले तरी शाळा, बोली, भावंडे आणि ओळखीची माणसे जागेवर असली तर मूल सावरते. पण आजोळाला एक मर्यादा आहे आणि ती घरातल्यांच्या मायेची नसून वयाची आणि पैशाची आहे. आजी सत्तरीची असते, मामाला स्वतःची दोन लेकरे असतात, नीरा डाव्या कालव्याखालच्या बागायती गावांत निदान रोजगार तरी असतो, पण सुपे, मोरगाव यांच्या बाजूच्या जिरायती पट्ट्यात पाऊस नसला की त्याचीही खात्री नसते. जिथे आईचे दुसरे लग्न होते, तिथे मूल मागे राहते आणि आपण नकोसे झालो म्हणून आपल्याला इथे ठेवले, ही समजूत ते कुणाजवळ न बोलता मनात बाळगत वाढते. या मुलांशी आईची नियमित भेट ठेवणे एवढी साधी गोष्ट त्यांच्या मनाला किती आधार देते, हे दोन्ही कुटुंबांना समजावून सांगणारे माणूस हवे असते आणि तेच सहसा नसते.

महाराष्ट्राने या घरांसाठी बाल संगोपन योजना चालवली आहे आणि आता तिला क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले यांचे नाव आहे. नावातले संगोपन पाहून ही परक्या घरात मूल ठेवण्याची योजना वाटते, प्रत्यक्षात मात्र तिचा बहुतेक लाभ एकल आईच्या किंवा आजी-आजोबांच्या घरीच राहणाऱ्या मुलांना मिळतो, म्हणजे मूल घरातून हलू नये यासाठी दिलेली ती मदत असते, आणि या कारणासाठीच ती मोलाची आहे. पूर्वी महिन्याला ४२५ रुपये मिळत, ते १,१०० झाले आणि २०२३ मध्ये २,२५० झाले. केंद्राच्या मिशन वात्सल्य या योजनेत प्रायोजकत्व, म्हणजे मुलाला घरीच ठेवून दिलेली मदत, आणि प्रतिपालकत्व या दोन्हींसाठी दरमहा ४,००० रुपये ठरलेले आहेत. प्रायोजकत्वासाठी ग्रामीण कुटुंबाचे उत्पन्न वर्षाला ७२,००० रुपयांपेक्षा अधिक असता कामा नये. सारख्याच अडचणीत सापडलेल्या शेजारशेजारच्या दोन घरांना कोणत्या योजनेचा कागद आधी हाती लागला यावरून निराळी रक्कम मिळावी, हे न्यायाचे नाही.

कागदांचेही थोडे तपशिलाने सांगितले पाहिजे, कारण मदत मिळते की नाही हे बऱ्याचदा तिथेच ठरते. वडिलांचा मृत्यूचा दाखला, आईचे आणि मुलाचे आधार, रेशनकार्ड, तहसील कार्यालयातून उत्पन्नाचा दाखला, शाळेचे बोनाफाईड, बँकेचे पासबुक आणि राहत्या घरासमोर पालकाने मुलासह उभे राहून काढलेला फोटो, एवढे गोळा करून अर्ज करावा लागतो. त्यानंतर गृहभेट होते, अहवाल लिहिला जातो आणि प्रकरण बाल कल्याण समितीपुढे जाते. समितीचे कामकाज पुण्यात चालते. बारामतीहून पुणे शंभर किलोमीटरच्या आसपास आणि इंदापूरहून त्याहून बरेच लांब. रोजंदारीवर जाणाऱ्या बाईला मुलासह एक खेप म्हणजे दिवसाची मजुरी आणि एसटीचे भाडे असा दुहेरी खर्च. करोनाच्या साथीत, २०२१ मध्ये, प्रत्येक जिल्ह्यात जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली कृती दल नेमले गेले, आई-वडील दोन्ही गमावलेल्या मुलांच्या नावे राज्य सरकारने पाच लाख रुपयांची ठेव ठेवली, आणि अंगणवाडी व आशा कार्यकर्त्यांनी घरोघर फिरून मुले शोधली. यंत्रणा दारापर्यंत जाऊ शकते, हे त्या वेळी सिद्ध झाले. अपघाताने, कर्करोगाने किंवा आत्महत्येने बाप गेलेल्या मुलाचे दुःख काही निराळे नसते, तरी त्याच्या दारी कुणी जात नाही आणि त्याच्या आईला अजूनही तहसीलच्या पायऱ्या चढाव्या लागतात.

या दोन तालुक्यांत आणखी एक मोठा बालसमूह आहे, ज्याची गणना इथला म्हणून होतच नाही. सोमेश्वर, माळेगाव, भवानीनगरचा छत्रपती, इंदापूरचे कर्मयोगी आणि नीरा-भीमा या साखर कारखान्यांच्या गाळपासाठी दर हंगामात बीड आणि नगर जिल्ह्यांतून ऊसतोडणीच्या टोळ्या येतात. मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ मजुरी, घेतलेली नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता, आणि त्या उचलीची फेड होईपर्यंत, दिवाळीपासून उन्हाळा लागेपर्यंत, त्यांचा मुक्काम फडाजवळच्या कोपीत. पहाट होण्याआधी आई-बाप फडात जातात. आठ-नऊ वर्षांची मुलगी तान्ह्या भावाला कडेवर घेऊन कोपी राखते, पाणी आणते, दुपारी वाढ्यांच्या भेळ्या बांधायला हात लावते, आणि गावच्या शाळेतले तिचे नाव पटावर तसेच राहते. जी मुले गावीच ठेवली जातात ती आजी-आजोबांकडे किंवा शाळेच्या हंगामी वसतिगृहात राहतात, म्हणजे वर्षातले पाच-सहा महिने ती आई-वडिलांविना असतात, आणि हे दरवर्षी पुन्हा घडते. आई-वडील जिवंत आहेत, प्रेमळ आहेत आणि तरीही मुलाच्या वाढीच्या काळातला निम्मा भाग ते सोबत नसतात, ही अवस्था कायद्यातल्या कोणत्याच व्याख्येत नीट बसत नाही. मागे राहिलेल्या मुलीला कोणाच्या भरवशावर ठेवायचे या काळजीतून बीडमध्ये बालविवाह होतात, हे वारंवार समोर आले आहे. साखरशाळा आणि ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी संत भगवानबाबा यांच्या नावाने सुरू झालेली शासकीय वसतिगृहे हे चांगले उपाय आहेत. तरी या सर्वांत मूळ उपाय पाहायचा तर तो उचलीचे चक्र तोडण्यात आहे, आणि मुलांच्या कल्याणाची चर्चा करणाऱ्यांनी तिथपर्यंत जाण्याचे टाळू नये. ज्यांच्या श्रमावर इथली साखर तयार होते त्यांच्या मुलांची हंगामापुरती जबाबदारी कारखान्यांनी आणि इथल्या ग्रामपंचायतींनी घेणे, हा उपकार ठरत नाही.

मूल दुसऱ्याच्या घरी ठेवताना देखरेख नसेल तर काय होते, याचे अलीकडचे उदाहरण महाराष्ट्रातच घडले. २०२२ मध्ये इगतपुरी तालुक्यातल्या कातकरी कुटुंबांची मुले थोड्या पैशांच्या किंवा एखाद्या मेंढीच्या बदल्यात नगर जिल्ह्यात मेंढ्या वळायला ठेवल्याचे उघडकीस आले, आणि ते उघडकीस यायला एका लहान मुलीचा मृत्यू व्हावा लागला. गरिबीने मूल दुसऱ्याच्या स्वाधीन केले जाते तेव्हा सांभाळणे आणि राबवणे यांतली रेघ फार पुसट असते. सख्ख्या नात्यातही शेण-पाणी, स्वयंपाक आणि धाकट्यांची राखण अशी कामे आल्या मुलीच्या वाट्याला अधिक येतात आणि शाळा मागे पडते. म्हणूनच कलम ४४ मध्ये प्रतिपालक कुटुंबाची तपासणी दर महिन्याला करावी असे सांगितले आहे. एका जिल्हा बाल संरक्षण कक्षाने भोरपासून इंदापूरपर्यंत पसरलेल्या पुण्यासारख्या जिल्ह्यात हे कसे करायचे, हा प्रामाणिक प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर गाव बाल संरक्षण समित्यांत असू शकते. सरपंच, शिक्षक, अंगणवाडी सेविका यांची ही समिती कागदावर बहुतेक गावांत आहे. मूल शाळेत येते का, त्याच्या अंगावर वळ आहेत का, ते घाबरून बोलते का, हे बाहेरून येणाऱ्या अधिकाऱ्यापेक्षा वर्गशिक्षिकेला कितीतरी आधी कळते.

शाळेचे महत्त्व वेगळ्या कारणानेही सांगावे लागेल. स्वीडनमध्ये सरकारी नोंदी पिढ्यान्‌पिढ्या जोडलेल्या असल्यामुळे, बू विनेरल्युंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांना प्रतिपालक घरांत वाढलेल्या हजारो मुलांचे तारुण्य तपासता आले. व्यसन, गुन्हेगारी, आत्महत्येचे प्रयत्न आणि सरकारी मदतीवर अवलंबून राहणे या साऱ्यांचा सर्वांत ठळक संबंध शालेय शिक्षण संपतानाच्या कमी गुणांशी निघाला. या मुलांकडून सांभाळणाऱ्यांची आणि शिक्षकांची अपेक्षाच कमी असते, बिचाऱ्याने एवढे सोसले, त्यात अभ्यासाचा लकडा कशाला, अशी दया त्यामागे असते आणि तीच पुढे मुलाला महाग पडते. स्वीडनमधल्याच हेलसिंगबोर्ग शहरात २००५ मध्ये अशा मुलांची प्रत्येकाची चाचणी घेऊन कच्चा विषय शोधला आणि मानसशास्त्रज्ञ व विशेष शिक्षक यांच्या मदतीने त्यावर काम केले, तेव्हा दोन वर्षांत वाचन-गणितात आणि बुद्धिमापनातही प्रगती दिसली. शिकवण्यांची आणि महाविद्यालयांची बारामतीत मुळीच वाण नाही. आजोळी राहणाऱ्या मुलाला पाचवी-सहावीतच कच्चा विषय पक्का करून देणारी रोजची एक तासाची सोय, ही इथल्या शिक्षणसंस्थांना सहज जमण्यासारखी गोष्ट आहे.

अठराव्या वाढदिवसानंतरचा काळ या सर्व मुलांना सर्वांत अवघड जातो. बालगृहातून बाहेर पडणाऱ्या मुलामुलींसाठी अनुरक्षणाची, म्हणजे एकवीस आणि अपवाद म्हणून तेवीस वर्षांपर्यंत राहण्याची व शिकण्याची मदत देण्याची तरतूद आहे. महाराष्ट्राने २०१८ मध्ये अनाथांसाठी शिक्षणात आणि शासकीय नोकऱ्यांत एक टक्का आरक्षणही दिले. परंतु अनुरक्षणाचे कलम ४६ संस्थेतून बाहेर पडणाऱ्यांचाच उल्लेख करते. वडील नसलेले, आई मजुरीला जाणारी आणि आजीने वाढवलेले मूल संस्थेतलेही नसते आणि कायद्याच्या दृष्टीने अनाथही नसते. त्याचे बाल संगोपनाचे पैसे अठरावे वर्ष पूर्ण होताच थांबतात, आणि हा वाढदिवस बहुतेकांना बारावीच्या वर्षात किंवा त्याच्या अलीकडे-पलीकडे येतो. मुलगी असेल तर त्याच सुमारास स्थळे पाहण्याची कुजबुज मामाच्या घरी सुरू होते, आणि दरमहा येणारी रक्कम बंद झाल्यावर तिच्या शिक्षणाच्या बाजूने बोलायला कुणाजवळ मुद्दा उरत नाही. लाभाची मुदत वाढदिवसाऐवजी हाती घेतलेला अभ्यासक्रम पूर्ण होण्याशी जोडायची झाली, तर राज्याच्या योजनेपुरता तो बदल महिला व बाल विकास विभागाला एका शासन निर्णयाने करता येईल. कायद्यात दुरुस्ती होईपर्यंत थांबण्याची त्यासाठी गरज नाही.